सव्वाअकराची स्तब्धता

त्या शुक्रवारच्या यादीत चौदा ओळी होत्या. यादी मी आदल्या दुपारी केली, दोनदा वाचली आणि कामगारांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर टाकली. चूक अकराव्या ओळीत होती. ती चूक आहे हे मला दुसऱ्या दिवशी सव्वाअकरापर्यंत कळलं नाही.

कुवेतमध्ये मी एका छोट्या कंपनीत आहे. बाहेरून कुणी चित्रीकरणाला आलं की त्यांना जे लागेल ते आम्ही पुरवतो. परवानग्या, गाड्या, जेवण, दुभाषी, उन्हात उभं राहायला छत्र्या. बहुतेक कामं जाहिरातींची असतात. अत्तराच्या बाटलीला वाळवंट हवं असतं आणि बाटलीबरोबर आलेल्या माणसांना तासाभरात थंड पाणी हवं असतं. हे सगळं वेळेवर होतं, कारण मी याद्या करते. माझी मुलगी म्हणते, घरातल्या फ्रिजवर मॅग्नेट कमी आणि याद्या जास्त आहेत.

त्या शुक्रवारचे पाहुणे मेक्सिकोहून एकटेच आले. साठीचे, पांढऱ्या केसांची बारीक वेणी, दोन्ही खिशांत बॅटऱ्या. परवानगीच्या अर्जात 'व्यवसाय' असा एक रकाना असतो. आमचे कागद सरकारी कचेऱ्यांतून फिरवणारा मंदूब तिथे एकच शब्द मागतो. यांचं काम एका शब्दात बसेना. मी विचारत गेले आणि वहीत लिहीत गेले.

विशीत ते एका रॉक बँडमध्ये गिटार वाजवत. बँड चालला, मोठी मैदानं भरू लागली. मग कुणीतरी त्यांना सिनेमात घेतलं, रॉक वाजवणाऱ्या पोराच्याच भूमिकेत. विसाव्या मिनिटाला तो पोरगा मरतो. "मेल्यावर मला सुट्टी होती," ते म्हणाले, "पण मी सेटवरून गेलो नाही. आवाज कसा घेतात ते बघत बसलो." पुढे पाच-सहा सिनेमे केले. सगळ्यांत गवई किंवा वादक, फक्त एकदा दंतवैद्य. त्यानंतर सिनेमांना संगीत दिलं. बँड फुटायला आला तेव्हा रोजच्या भांडणांत हातांना काहीतरी काम हवं म्हणून त्यांनी कॅमेरा धरला आणि मित्रांची भांडणं टिपत राहिले. ती त्यांची पहिली डॉक्युमेंटरी. लोकांनी सांगितलं की बँडच्या शेवटच्या रेकॉर्डपेक्षा ही बरी आहे. तेव्हापासून गिटार घरी आणि कॅमेरा बाहेर. लग्नात वाजवता वाजवता म्हातारे झालेले ट्रम्पेटवाले, बाजारात गाणाऱ्या बायका, असे चित्रपट करत ते आता कामासाठी घर सोडून गेलेल्या माणसांच्या गाण्यांपाशी आले होते.

मंदूबने माझं पान वाचलं आणि रकान्यात 'संगीत शिक्षक' असं लिहून टाकलं. मी संकोचून पाहुण्यांना सांगितलं. ते खूश झाले. म्हणाले, "माझ्या आईला शेवटपर्यंत हेच हवं होतं."

ते कुवेतला आले एका मोबाइलवरच्या क्लिपमुळे. अम्गराला फर्निचरचा एक वर्कशॉप आहे. तिथली रत्नागिरीकडची माणसं गणपतीच्या दिवसांत सुट्टीच्या दुपारी जाखडी नाचली होती, आणि कुणीतरी ते टिपलं होतं. गोल धरलेली पोरं, एका पायात चाळ, मधे मृदंग, आणि मृदंगाशेजारी उभा राहून गाणारा एक सुतार. चित्र हलत होतं, निम्म्या वेळा कुणाचा तरी खांदा आडवा येत होता. पण तो आवाज पाहुण्यांनी ऐकला होता. त्यांना तोच हवा होता.

सुतार गुहागरकडचे, पन्नाशीचे, सतरा वर्षं कुवेतमध्ये. सगळे त्यांना बुवा म्हणत. जाखडीत दोन बाजू असतात, शक्तीवाले आणि तुरेवाले. एका बाजूच्या बुवाने गाण्यातून सवाल टाकायचा, दुसऱ्याने गाण्यातूनच तो परतवायचा, आणि मधल्या वेळेत एकमेकांची यथेच्छ टर उडवायची. हे सुतार शक्तीवाले. त्यांच्यासमोर तुरेवाला म्हणून उभा राहायचा वर्कशॉपचा एसी मेकॅनिक, त्यांच्याच तालुक्यातला. दोघं सुलैबियाला एकाच खोलीत राहत, म्हणजे भांडण घरचंच होतं.

चित्रीकरणाच्या आठवडाभर आधी मी बुवांना भेटायला गेले. ते दाराच्या चौकटीला रंधा मारत होते.

"बुवा, फक्त दोन गाणी."

"ताई, दोन काय नि धा काय. मी आता गात नाय."

मी वही मिटली नाही. नाही म्हणणारी माणसं मला रोज भेटतात. शेजारी शिडीवर मेकॅनिक होता. तो वरूनच म्हणाला, "चार म्हयने झालं, ह्यानं तोंड उघडलंलं नाय. मी एकटाच सवाल टाकतो नि मीच जवाब देतो. लोक मला खुळा म्हनत्यात."

"ते आधीपास्नं म्हनत्यात," बुवा म्हणाले. पण हसले नाहीत.

चार महिन्यांपूर्वी त्यांची आई गेली होती. तेव्हा त्यांचा इकामा, म्हणजे इथे राहायचा परवाना, एका कंपनीकडून दुसरीकडे बदलला जात होता आणि पासपोर्ट कचेरीत अडकला होता. शिक्का मिळेपर्यंत तेरावं उरकलं होतं. अग्नी धाकट्या भावाने दिला. बुवांनी तो फोनवर पाहायचा प्रयत्न केला. गावात रेंज नव्हती, चित्र थांबलं ते थांबलंच. नंतर जाऊन करणार काय, म्हणून रजा पुढच्या वर्षावर ढकलली.

"लोक म्हनतात सुतक फिटलं," ते रंध्यातला भुसा काढत म्हणाले. "तिकडं फिटलं आसंल. माझं नाय फिटलं. आईला नीट पोचवलं नाय नि मी हिकडं चाळ बांधून नाचू?"

मी वहीत 'बुवा – नाही' असं लिहिलं आणि निघाले.

पाहुण्यांना सांगितलं तेव्हा वाटलं होतं, ते आग्रह करायला लावतील. आमच्याकडे येणारे सगळेच करतात. ते म्हणाले, "मग त्यांना गायला सांगू नका. मी त्यांचं सुतारकाम टिपेन. रंध्याचा आवाजही चांगला असतो." बाकीच्यांनी मेकॅनिकच्या मागे नाचायचं ठरलं. अर्धं भांडण तर अर्धं भांडण.

शुक्रवारची यादी करायला बसण्याआधी त्यांनी एक गोष्ट नक्की यादीत घ्यायला सांगितली. प्रत्येक जागेचा एक मिनिटभर नुसता आवाज घ्यायचा असतो. कुणी बोलायचं नाही, हलायचं नाही, यंत्रं बंद. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते, आणि पुढे चित्रपट जोडताना बोलण्याच्या मधल्या फटी भरायला तीच लागते. इंग्रजीत त्याला रूम टोन म्हणतात. हे तांत्रिक झालं. दस्मानच्या हॉटेलवरून अम्गराला जागा बघायला जाताना गाडीत त्यांनी बाकीचं सांगितलं.

त्यांचे वडील फळं तोडायच्या कामाला उत्तरेला, परक्या मुलखात जात. वर्षाचे आठ महिने तिकडेच. पत्राऐवजी कॅसेट पाठवत. ते बोलणारे गृहस्थ नव्हते. दोन वाक्यं बोलायचे आणि पुढचं सुचेपर्यंत टेप चालूच ठेवायचे. "मला वाक्यं आठवत नाहीत," पाहुणे म्हणाले. "पण मधे एक फ्रिज घरघरायचा. तो मला अजून ऐकू येतो. वडील कुठल्या खोलीत राहतात हे मला त्या फ्रिजवरून ठाऊक होतं." आतापर्यंतच्या प्रत्येक चित्रपटातल्या प्रत्येक जागेची शांतता त्यांनी जपून ठेवली आहे.

माझ्या लहानपणीही शेजारच्या घरी आखातातून कॅसेट यायची. सगळी आळी ऐकायला जमायची. मी त्यांना ते सांगितलं. मग सहाव्या रिंगरोडवर गर्दी लागली आणि आम्ही दोघं आपापल्या याद्यांकडे वळलो.

आता ती ओळ. रूम टोनला मराठीत काय लिहावं? मी मुलीला विचारलं. ती फोनमधून डोकं न काढता म्हणाली, "जस्ट से सायलेन्स, आई." पण 'शांतता' लिहिलं की ती दवाखान्यातली पाटी होते. 'शांतता राखा'कडे कुणी बघत नाही. मला जरा वजनाचा शब्द हवा होता, वाचल्यावर माणूस हलणार नाही असा. त्यातून खुर्च्या करकरतात, म्हणून सगळे उभे असलेले बरे. आणि जुम्म्याची बांग सुरू व्हायच्या आत हे उरकायला हवं होतं, म्हणून वेळ सव्वाअकराची. मी लिहिलं:

दहा. सव्वाअकराला पाच कमी – एसी बंद करणे (मेकॅनिक).

अकरा. सव्वाअकरा – एक मिनिट स्तब्धता. सर्वांनी आपापल्या जागी उभे राहावे. हालचाल करू नये. मोबाइल बंद ठेवावेत.

ग्रुपवर एकामागून एक हात जोडलेली चित्रं आली. इतक्या लगेच होकार कधी येत नाहीत. मी समाधानाने झोपले.

शुक्रवारी कंपनीच्या बसमधून दहा जण उतरले ते इस्त्रीचे पांढरे शर्ट घालून. मला वाटलं, कॅमेऱ्यासाठी. पाहुणे जरा खट्टू झाले, त्यांना कामाचे कपडे हवे होते. पण मी म्हटलं, नंतर बदलतील. नऊ ते अकरा पहिल्या नऊ ओळी झाल्या. लाकूड कापणं, रंधा, पॉलिश, चहा. बुवा एका कोपऱ्यात आपलं काम करत राहिले आणि पाहुणे त्यांच्या हातांजवळ मायक्रोफोन धरून बसले. दोघांना एकमेकांची भाषा येत नव्हती, तरी पटाशी केव्हा फिरवायची ते एकमेकांना डोक्याने सांगत होते.

सव्वाअकराला पाच मिनिटं असताना मी टाळी वाजवली. सगळे आपण होऊन रांगेत उभे राहिले. इतकी शिस्त मी या वर्कशॉपमध्ये पाहिली नव्हती. तेव्हाच मला सुतारकामाचं टेबल दिसलं. फेव्हिकॉलच्या डब्याला टेकून एक मोबाइल उभा होता. त्यावर एका म्हाताऱ्या बाईंचा फोटो, डोक्यावर पदर, चेहऱ्यावर फोटो काढणाऱ्यावरचा राग. समोर एक अगरबत्ती आडवी ठेवलेली, न पेटवलेली. फोरमनने बजावलं असणार, आत थिनर आहे म्हणून.

मला सगळं एकदम कळलं. स्तब्धता. सर्वांनी उभे राहावे. शाळेत, ग्रामपंचायतीत, मंडळाच्या सभेत, कुठेही मराठी माणसाला हे शब्द दिसले की तो एकच प्रश्न विचारतो, कोण गेलं? यांना विचारायची गरजही पडली नव्हती. त्यांना वाटलं, कंपनीने बुवांच्या आईसाठी ठेवलं आहे.

थांबवायला तोंड उघडणार, तेवढ्यात पाहुण्यांनी कानाला हेडफोन लावून हात वर केला आणि मिनिट सुरू झालं.

बुवा टेबलाच्या सर्वांत जवळ होते. मान खाली, हात समोर एकावर एक. मेकॅनिक त्यांच्या शेजारी, त्याचीही मान खाली. फोनचा पडदा मधेच काळा झाला. मेकॅनिकने हलकेच बोट लावून तो पुन्हा उजळवला आणि हात जागेवर नेला. बुवांचा श्वास मला दहा फुटांवरून ऐकू येत होता. आणि डोक्यावर एसी घुरघुरत होता. दहावी ओळ राहिली होती. ज्याने बंद करायचा तोच सर्वांत आधी जाऊन रांगेत उभा राहिला होता.

पाहुण्यांनी वर पाहिलं. एसी त्यांना माझ्याआधी ऐकू आला असणार, ते कानांवर जगणारे गृहस्थ. त्यांनी थांबवायला हात अर्धा उचलला. मग त्यांची नजर रांगेवर गेली, टेबलावरच्या फोनवर गेली, आणि हात खाली आला. टेप चालू राहिली.

मिनिट संपलं तरी कुणी हललं नाही. अशा वेळी कुणीतरी 'बसा' म्हणायचं असतं, आणि ते माझ्याकडून यायचं आहे असं सगळ्यांनी धरलं होतं. मला ते सुचायला आणखी अर्धं मिनिट लागलं.

"बसा," मी म्हटलं.

रांग सुटली. दोघा-तिघांनी बुवांच्या पाठीवर हात ठेवला. पाहुणे माझ्याजवळ येऊन हळू आवाजात म्हणाले की, काय घडलं ते आपल्याला पूर्ण समजलं नाही, पण एसी चालू होता, आणखी एक मिनिट मिळेल का? घड्याळात अकरा वाजून अठरा मिनिटं झाली होती. बांगेला अजून वेळ होता.

मी सगळ्यांना पुन्हा उभं राहायला सांगितलं.

"परत?" कुणीतरी म्हणालं. मेकॅनिकने घाबरून विचारलं, "आता कोन गेलं?"

मग मात्र सांगणं भाग होतं. मला गोड करून सांगता येत नाही, म्हणून सरळ सांगितलं. हे रेकॉर्डिंगसाठी होतं. खोलीचा आवाज घ्यायचा असतो. शब्द मी निवडला आणि चुकीचा निवडला. कंपनीने काही ठेवलं नव्हतं.

मेकॅनिकने आधी वरच्या एसीकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"म्हंजे आमी मशीनसाठी मान खाली घातली?" मेकॅनिक म्हणाला.

बुवांनी फोन उचलला, त्याच्यावर बसलेला भुसा शर्टाच्या बाहीने पुसला आणि पुन्हा डब्याला टेकवून ठेवला. माझ्याकडे न बघता म्हणाले, "ताई, तुमी लिवलंत ते लिवलंत. तिकडं माझा भाऊ एकला उभा व्हता, हिकडं मी एकला. आज धा जन व्हते. पयलं मिनिट आईचं झालं, ते परत घेऊ नका. दुसरं खुशाल तुमच्या मशीनला घ्या."

मी ते पाहुण्यांना इंग्रजीत सांगितलं. त्यांनी हेडफोन काढला आणि म्हणाले, पुन्हा सांगा. मी पुन्हा सांगितलं. त्यांनी विचारलं, पहिल्या मिनिटाच्या फाइलला काय नाव देऊ?

"आई लिवा," बुवा म्हणाले. "दुसरं काय."

पाहुण्यांनी मला अक्षरं विचारून घेतली आणि लिहिलं.

दुसरं मिनिट व्यवस्थित झालं. एसी बंद, कुणाची मान खाली नाही, सगळे छताकडे किंवा घड्याळाकडे बघत. मी अकराव्या ओळीवर खूण केली. बाराव्या ओळीवर जेवण होतं. बिर्याणीची पाकिटं बाहेर गाडीत होती. मी ती आणायला वळले, तर मागून मृदंगावर थाप पडली. कुणीतरी सहज पडावी तशी एक. मग दुसरी.

बुवा म्हणाले, "जरा चढव." मृदंगवाला बघतच राहिला.

"चढव म्हनतो ना. कानात बिर्यानी भरलीस काय?"

आधी त्यांनी गण गायला, रीत म्हणून, डोळे फोनवरच्या फोटोकडे ठेवून. क्लिपमधला आवाज नव्हता हा. चार महिने बंद ठेवलेल्या दारासारखा तो पहिल्या ओळीला अडकला आणि मग सुटला. गण संपल्यावर गवळण यायला हवी. ते गवळणीला थांबलेच नाहीत. मेकॅनिककडे वळून त्यांनी तिथल्या तिथे जोडलेला सवाल फेकला:

"जगाला गारवा देतो, घरचं बटन ना सापडं,
तुरेवाल्या बुवा तुझं कसं रं डोकं वाकडं?"

सगळे ओरडले. मेकॅनिकने दोन्ही हात कमरेवर ठेवले. त्याच्या चेहऱ्यावर इतका आनंद होता की त्याला जवाब सुचेना. "गा, गा," तो म्हणाला, "चार म्हयन्याचं उट्टं काढ." आणि तो डोळे पुसत चाळ बांधायला खाली बसला.

पाहुणे मायक्रोफोन घेऊन मधे शिरले होते. कॅमेरा तिपाईवर तसाच होता. मी जाऊन बघितलं, लाल दिवा लागला होता. बिर्याणी पंचवीस मिनिटं उशिरा निघाली. मी तशी नोंद केली.

चित्रपटाचा कच्चा तुकडा त्यांनी दहा महिन्यांनी पाठवला, आमच्यापुरता. मधल्या काळात बुवा गावी जाऊन आले होते, आईच्या वर्षश्राद्धाला. एका गुरुवारी दुपारच्या सुट्टीत मी लॅपटॉप घेऊन अम्गराला गेले आणि त्याच सुतारकामाच्या टेबलावर ठेवला. माणसं डबे घेऊन भोवती बसली. पडद्यावर रंधा आला, पटाशी आली, चहा आला, आणि प्रत्येक जण आपण दिसलो की दुसऱ्याला कोपराने ढोसत होता.

मग पडद्यावर पांढऱ्या शर्टांची रांग आली, आणि आवाज थांबला.

बसलेल्यांतले दोघे-तिघे आपोआप उठले. मेकॅनिकने तोंडातला घास आवरत त्यांना खाली ओढलं. "आरं बसा, ह्ये मशीनवालं आसंल."

बुवांनी मान थोडी कलती केली आणि लॅपटॉपकडे कान नेला. तिथून एक बारीक घुरघुर येत होती.

"नाय," ते म्हणाले. "एसी वाजतोय. आईचं हाय."

ते उभे राहिले. मेकॅनिकने डबा बाजूला ठेवला आणि तोही उठला, मग सगळेच उठले. पडद्यावरची मिनिटभराची शांतता पुरती संपली आणि पुढचं चित्र सुरू झालं, तरी ते दहाजण तसेच उभे, मी 'बसा' म्हणायची वाट बघत. मला तीनला दुसरीकडे पोचायचं होतं. तरी मी घाई केली नाही.